मेरेवरची पात

कोणी तुमच्या दारात फुकट कुंड्या आणून ठेवल्या, तर तुम्ही आधी माती भरता की आधी विचारता, की बाबा रे, कशासाठी?

मी विचारते. लहानपणापासून विचारते, आणि त्यामुळे नातेवाइकांत माझं नाव फारसं चांगलं नाही. आमच्या घरात पुस्तकं कमी आणि पत्रकं फार. बाबा मुरगावच्या बंदरात नोकरीला. शनिवारी संध्याकाळी येतात, सोमवारी पहाटेच्या बसने परत जातात. त्यांच्या पिशवीत उंड्यांची, म्हणजे गोल पावांची, पुडी आणि पत्रकांचा गठ्ठा हे दोन्ही ठरलेले. कामगारांची पत्रकं, पाण्याची, रस्त्याची, खाणीची. मी अक्षरं त्यांच्यावरच गिरवली. ‘बंधू-भगिनींनो’ हा शब्द मला माझ्या आडनावाच्या आधी लिहिता आला. पत्रक खालून वाचायचं, ही बाबांची शिकवण. आधी कोणी काढलंय ते बघायचं, मग त्यात कोणाचा फायदा आहे ते, आणि मजकूर सगळ्यात शेवटी.

कुंड्यांच्या खाली असं काही छापलेलं नसतं. ही गोष्ट त्या कुंड्यांची आणि पातीची आहे.

घाटावर जिला गवती चहा म्हणतात, ती आमच्याकडे नुसती पात. सर्दी झाली की पात, पाहुणे आले की पात, काहीच झालं नाही तरी दुपारच्या चहात पात. लावायला तिच्याइतकं सोपं दुसरं काही नाही. जुन्या ठोंबातून मुळासकट एक काडी सोडवायची, वरची पानं छाटायची आणि मातीत खोचायची. ऊन लागतं, पाणी साचलेलं चालत नाही, बाकी तिचे काही लाड नाहीत. गुरं तिला तोंड लावत नाहीत. कापताना बुडखा वीतभर राखायचा, म्हणजे पुन्हा फुटते. पानाच्या कडेने बोट चिरतं, म्हणून लहान मुलांना कापायला पाठवत नाहीत. काही वर्षांनी ठोंब मधून सुकायला लागतो, तेव्हा तो फोडून वेगळा लावायचा. एवढं केलं की ती माणसाच्या आयुष्याला पुरते.

आमचं घर पेडण्यात, हळर्णपासून जवळ, डोंगराच्या पायथ्याला. मागे उतारावर काजूचं भाट, म्हणजे बागायत. तिथली माती भुसभुशीत आणि उतार बेताल, त्यामुळे दगडाचा गडगा घातला तर दोन-चार पावसाळ्यांत खाली घसरतो. म्हणून त्या उतारावर कोणीतरी फार पूर्वी मेरेवर, म्हणजे हद्दीवर, पातच लावली. आमची आणि शेजारच्या भाटाची मेर म्हणजे पातीची एक वाकडी रांग. वाकडी, कारण आमचे दोन मोठे काजू मध्ये येतात. रांग त्यांना वळसा घालून पलीकडून जाते.

या रांगेचा एक रिवाज होता. पानं ज्याच्या बाजूला झुकतील, ती त्याने कापायची. मुळाला मात्र एकट्याने हात लावायचा नाही. ठोंब फोडायचा झाला तर शेजाऱ्याला हाक मारायची. तो येऊन उभा राहायचा, पान-सुपारी व्हायची, आणि त्याच्यासमोर ठोंब फोडून जिथल्या तिथे पुन्हा लावायचा. मी लहान असताना हे दोनदा तरी पाहिलं आहे. शेजारचे म्हातारे कमरेवर हात ठेवून उभे राहत आणि आईला म्हणत, ‘सुनबाय, वायच हडे सरकलंय मगो.’ आई हसून काडी बोटभर पलीकडे खोचायची. तेवढ्यावर दोघांचंही समाधान. तो विनोद आहे असंच मला वाटायचं.

म्हातारे गेले. मुलं पुण्यात. भाट विकलं गेलं, ते आम्हाला मशीन आल्यावर कळलं. डोंगर कापून वर रस्ता चालला होता, आणि त्याची लाल धूळ दिवाळीनंतरच्या कोरड्या हवेत सगळ्यावर बसायला लागली. तुळशीवर, वाळत घातलेल्या कपड्यांवर, पातीवर. आई पात तीन-तीन पाण्यांनी धुवायची, तरी चहाच्या तळाशी गाळ राहायचा.

त्याच दिवसांत काका आले. काका म्हणजे बाबांचे मित्र, नात्याने कोणी नाहीत. तरुणपणी दोघांनी मिळून अख्ख्या तालुक्यात पत्रकं चिकटवली. अलीकडे काका जमिनीचे व्यवहार जमवून देतात. शेजारचं भाटही त्यांनीच जमवलं होतं. ते त्यांनी लपवलं नाही, आणि आपण होऊन सांगितलंही नाही. टेम्पोतून उतरवल्या त्या कुंड्या: चकचकीत, निळ्या, प्रत्येकीखाली बशी. नव्या मालकांनी शेजारधर्म म्हणून पाठवल्या आहेत, म्हणाले.

बल्कांवात, दारापुढच्या ओसरीवर, बसून त्यांनी चहा घेतला. चहाच्या काचेच्या कोपात बोट बुडवून गाळ आईला दाखवला.

“वहिनी, ह्या धुळीत पात उराची नाय. घरात घेवा. जनेलाकडे ठेयल्यात तर बरी जातली.”

मी विचारलं की नवे मालक सगळ्या गावाला कुंड्या देतायत की फक्त आम्हाला. काका माझ्याकडे बघून हसले आणि आईला म्हणाले, बापाची लेक. आईने मला आत पाठवलं, साखर आणायला. साखर मेजावरच होती.

आईने त्यांच्यावर विश्वास का ठेवला, हे समजायला आईचं माहेर माहीत असायला हवं. ती डिचोलीची, शिरगावच्या बाजूची. तिचं बालपण खनिजाच्या ट्रकांमागे गेलं. तिकडे अंगणात काही लावलं की ते लाल व्हायचं, म्हणून बायका जगवायची झाडं डब्यांत, फुटक्या बादल्यांत लावून घरात घ्यायच्या आणि जनेलांच्या, म्हणजे खिडक्यांच्या, आत ओळीने मांडायच्या. माझी आई लहानपणी शाळेतून आली की आधी जनेलातल्या पातीची पानं ओल्या फडक्याने पुसायची. धूळ आली की झाड घरात, हे तिच्या हातांना शिकवावं लागलं नाही. पेडण्यातल्या बाईला हे सुचलं नसतं. इथल्या बाईने चार शिव्या घातल्या असत्या आणि पात तिथेच राहू दिली असती. पेडण्याच्या मेरेचा रिवाज आणि डिचोलीच्या धुळीची सवय आईच्या एकाच डोक्यात होती, आणि त्या आठवड्यात सवय जिंकली.

मी दोन दिवस पणजीला गेले होते. परत आले तर सोप्यात जनेलाखाली निळ्या कुंड्या ओळीत उभ्या, आणि प्रत्येकीत पातीचा एक-एक ठोंब. आई फडकं घेऊन पानं पुसत होती. चेहरा इतका आनंदी, की मी आवाज खाली ठेवून विचारलं.

“कुठून काढलीस?”

“मेरेवरची. सगळीच काढली. अर्धी ठेवून काय करू, मरतलीच ती.”

जमीन कडक म्हणून काकांनी रस्त्यावरचे दोन कामगार पाठवले होते. त्यांनी पिकासने भराभर ठोंब काढून दिले. मी मागे धावले. रांगेच्या जागी लाल मातीत उकरलेली भोकं होती आणि त्यांत काजूची वाळकी पानं येऊन पडत होती.

तिसऱ्या दिवशी दोरी आली. रस्त्याकडून खाली ओढ्यापर्यंत, खुंट्या मारून, ताणून बांधलेली पांढरी दोरी. कुंपणाच्या भिंतीसाठी. दोरी सरळ होती, आणि आमचे दोन्ही काजू तिच्या पलीकडे गेले होते.

हे दोन काजू म्हणजे आईचं स्वतःचं जे काही आहे ते. घर बाबांचं, भाट बाबांच्या वडिलांचं. हे दोन काजू मात्र आई लग्न होऊन आल्यावर तिच्या नावाने राखले गेले. त्यांच्या बिया ती विकते आणि त्यात कोणी हात घालत नाही. मी कॉलेजला गेले ती त्या बियांवर. झाडांना मोहोर होता.

दोरी धरून उभा असलेला कामगार बेळगावकडचा होता. त्याला मी तावातावाने विचारलं की ही दोरी कोणी बांधायला सांगितली. तो शांतपणे म्हणाला, “सायबांनी दोन टोकं दावली, मी बांधली. दोरी सरळच असती ताई. वाकडी दोरी कुणी बांधतंय व्हय?”

त्याच्यावर राग काढण्यात अर्थ नव्हता. मी फोन काढला आणि मेरेचा फोटो शोधायला लागले. प्रत्येक मोर्च्याचा फोटो माझ्याकडे आहे. खोदलेल्या डोंगरांचे, फलकांचे, पोलिसांच्या गाड्यांचे. आमच्या मेरेचा एकही नाही. एका फोटोत आई काजूखाली उभी आहे आणि तिच्या पायांशी हिरवं काहीतरी कडेला कापलं गेलंय. तेवढंच. सरकारी नकाशात रेघ सरळ आहे हे मला ठाऊक होतं. वळसा फक्त पातीला माहीत होता आणि गावाला.

दुसऱ्या दिवशी मी काकांच्या घरी गेले. खरं सांगायचं तर भांडायलाच गेले. समोरच्या दाराने न जाता मागून गेले, त्यांच्या भाटातून, कारण तो रस्ता जवळचा. आणि तिथे थांबले.

काकांच्या मेरेवर पात उभी होती. लाल, धुळीने माखलेली, कडेने सुकलेली, पण अखंड. या टोकापासून त्या टोकापर्यंत एकही ठोंब हललेला नव्हता.

काका आरामखुर्चीत होते. मी विचारलं, धूळ तुमच्याकडे येत नाही का. येते की, म्हणाले, खोकून जीव चाललाय. मग तुमची पात बाहेर कशी? ते म्हणाले, आमच्यात कोणी पातीचा चहा घेत नाही. मी आमच्या दोन काजूंचं सांगितलं, दोरीचं सांगितलं, दोरी मेरेच्या आत आली आहे हे सांगितलं. त्यांनी आवाज चढवला नाही. मला अजून तो आवाज आठवतो, अगदी मऊ, लहानपणी मला खांद्यावर घेऊन मोर्चात घोषणा शिकवायचे तसा.

“मेर खंय आसा गो बाय? माका दाखय.”

मी उठले. येताना त्यांच्या पातीची दोन पानं तोडून घेतली. का तोडली, माहीत नाही. हातात काहीतरी असावं म्हणून असेल.

घरी येऊन आईला सगळं सांगितलं. ती आंबोळ्यांचं पीठ घोटत होती. दोरीचं मी आधीच सांगितलं होतं, तेव्हा ती म्हणाली होती की चूक झाली असेल, भावोजी आले की सांगू, ते दोरी सरकवतील. तुका आंबोळीतय शत्रू दिसता, असंही म्हणाली होती. आता मी काकांच्या मेरेवरची पात उभी असल्याचं सांगितलं आणि ती पानं तिच्यासमोर ठेवली. तिचा हात थांबला. पानावरची धूळ तिने अंगठ्याने पुसली आणि वास घेतला.

“सोताची मेर ताणी काढूक नाय,” ती म्हणाली. “म्हणजे ताका कळता मेर म्हणजे काय ती.”

एवढंच. मग तिने पीठ झाकलं, भांडी धुतलेल्या पाण्याची बादली उचलली आणि मागे गेली.

मी मनातल्या मनात पत्रक लिहायला घेतलं होतं, मथळासुद्धा ठरला होता. आई भोकांत पाणी ओतत होती. मी म्हटलं, आता तिथे काय आहे पाणी घालायला. तिने मला खाली बसवलं आणि एका भोकात बोट घालून दाखवलं. पिकासने घाईत काढलेला ठोंब पुरता कधीच निघत नाही. बुडख्याचे तुकडे खाली राहतात, पांढरे, बोटाएवढे. त्यांतले काही जगतात. किती, ते सांगता येत नाही. पाणी घालत राहायचं आणि बघत राहायचं.

ते दिवस माझ्या आयुष्यातले सगळ्यात संशयी दिवस. आई सकाळ-संध्याकाळ पाणी घालायची आणि मी पाळत ठेवायचे. रस्त्यावरून कोणी खाली बघितलं की मला वाटायचं, याला पाठवलंय. एका भोकाजवळ चपलेचा ठसा दिसला, तर मी त्याच्याशेजारी स्वतःची चप्पल ठेवून माप घेतलं. ठसा आईचा निघाला. एकदा दोन कोवळे फुटवे मोडलेले सापडले. मला खात्री होती की ते मुद्दाम मोडलेत. आई म्हणाली, कोंबडी. आजही मला ते पटलेलं नाही.

घरातल्या कुंड्यांचं काय झालं, तेही सांगते, कारण तीही त्याच ठोंबांची पात होती. पहिले काही दिवस ती छान दिसली, धुतलेली, निळ्या कुंडीत हिरवीगार. मग पानं लांबत गेली, जनेलाकडे वाकली, मऊ पडली. सोप्यात ऊन येतं ते तासाभराचं. चहात चार पानांच्या जागी आठ घातली तरी वास येईना. बशीत पाणी साचून दोन ठोंब बुडातून कुजले. डिचोलीला मग कशी जगायची, मी आईला विचारलं. तिला आठवून सांगावं लागलं: तिथे दर दोन-तीन दिवसांनी डबे उचलून गच्चीवर उन्हात नेत, आणि थांबलेले ट्रक पुन्हा सुरू व्हायच्या आत खाली आणत. ते काम लहान मुलींचं. ती लहान मुलगी तीच होती. घरात पात जगते, पण कोणीतरी रोज तिच्यासाठी राबलं तर. हे काकांनी कुंड्या देताना सांगितलं नव्हतं. त्यांना माहीतही नसेल. नसेल?

फुटवे आले, पण सगळीकडे नाही. रस्त्याकडच्या बाजूला दाट आले, ओढ्याकडे विरळ. पहिल्या काजूला वळसा घालणारी ओळ स्पष्ट दिसायला लागली, सुईसारखी टोकं मातीतून वर आलेली आणि पांढरी दोरी त्यांना सोडून भलतीकडेच चाललेली. दुसऱ्या काजूच्या पलीकडे मात्र काहीच नाही. तिथली भोकं बुजलेली होती. वाऱ्याने बुजली की माणसाने, कोण सांगणार.

बंदरात जादा काम होतं म्हणून बाबा तीन आठवडे आले नव्हते; त्या शनिवारी आले. उंडे मेजावर ठेवले आणि कपडे न बदलता मागे गेले. मी म्हटलं, पत्रक काढूया, मजकूर तयार आहे. त्यांनी तो वाचला, अर्थात खालून. मग घडी घालून खिशात ठेवला. म्हणाले की पत्रक वाचून लोक हळहळतील आणि घरी जातील. आधी मेर लावूया, लोकांसमोर. रिवाजाप्रमाणे.

रविवारी सकाळी आईने सोप्यातल्या कुंड्या एक-एक करून बाहेर आणल्या. मी वाडीत घरोघरी सांगून आले होते. म्हातारी माणसं आली, काही फक्त सुपारीसाठी आली असतील, मला चालतं. शेजारी म्हणून उभं राहायला हवं होतं नव्या मालकांनी. त्यांना मी स्वतः जाऊन बोलावलं. ते आले नाहीत, पण त्यांचा माणूस रस्त्यावर उभा राहून फोनवर बोलत होता. आणि काका आले. बोलावलं नव्हतं तरी आले, आणि काजूखाली न येता लांब कडेला उभे राहिले.

आईने पदर खोचला. फुटवे जिथपर्यंत आले होते, तिथपर्यंत काही करायचं नव्हतं. प्रश्न दुसऱ्या काजूच्या पलीकडचा. तिने कुंडीतला ठोंब फोडला, पानं वीतभर राखून छाटली, आणि काडी हातात धरून सगळ्यांकडे पाहिलं. मग थेट काकांकडे.

“भावोजी, मेर हंय काय थंय? तुमीच सांगा. तुमी ह्या काजूखाली जेवल्यात.”

एका म्हातारीने मोठ्याने नाक शिंकरलं. काका खाली बघत होते. मग पुढे आले, चपलेच्या टोकाने मातीत एक खूण केली आणि निघून गेले. खूण काजूच्या पलीकडे होती. जिथे रांग होती तिथेच. फार तर बोटभर आमच्या बाजूला.

आईने ती बोटभर जागा सोडली आणि काडी तिथे खोचली.

काकांनी हे मैत्रीखातर केलं, की लोक बघत होते म्हणून, मला माहीत नाही. बाबा म्हणतात, मैत्रीखातर. मी अजून त्यांच्या दारात गेलेले नाही. दोरी सोडली गेली आहे, पण खुंट्या जागेवर आहेत, आणि भिंतीचे दगड रस्त्याच्या कडेला येऊन पडले आहेत. ते कशासाठी, असं विचारलं की वेगवेगळी उत्तरं मिळतात. आम्ही पाणी घालतोय. या वर्षीच्या बिया आईने वेचल्या आहेत, दोन्ही झाडांच्या.

म्हणून ही विनंती. पेडण्यात असाल, डिचोलीत असाल, जिथे डोंगर कापला जातोय तिथे कुठेही असाल: या आठवड्यात आपल्या मेरेवर जा. तिथे पात असो, निवडुंग असो, अडुळसा असो, जे काही वर्षानुवर्षं वाढतंय त्याच्याशेजारी उभे राहा आणि शेजाऱ्यालाही बोलावून उभं करा. दोघांचा एक फोटो काढा, झाडाच्या बुडख्यासकट. रांग तुटली असेल तर आमच्याकडे या, काड्या देतो, आणि त्या शेजाऱ्यासमोरच लावा. घरात चहाला पात हवी असेल तर एक ठोंब कुंडीत लावा, जरूर लावा, उन्हात ठेवा. बाकीचे जिथे आहेत तिथून, कोणी कितीही प्रेमाने सांगितलं तरी, काढू नका.